बेरीज मोजायची की लिहून ठेवायची?

वेबसाइटच्या पडद्यावर दिसणारे आकडे दोन जातींचे असतात. काही कुणीतरी भरलेले असतात आणि काही त्या भरलेल्या आकड्यांवरून काढलेले असतात. हे काढलेले आकडे कुठं ठेवायचे, की ठेवायचेच नाहीत, यावर ब्राउझरमधल्या भागाचं, म्हणजे फ्रंट-एंडचं, काम करणाऱ्यांत बरीच वर्षं वाद चालू आहे. तो वाद इथं दोन माणसांच्या तोंडी घातला आहे. भाची पुण्यात फ्रंट-एंड डेव्हलपर आहे. मामा परभणी जिल्ह्यातल्या एका तहसील कार्यालयातून अव्वल कारकून म्हणून निवृत्त झालेत. पावसाच्या आणि पैसेवारीच्या, म्हणजे पिकाच्या सरकारी अंदाजाच्या, नोंदींत त्यांची नोकरी गेली. माणसं कल्पनेतली आहेत, वाद मात्र रोजचा आहे.

भाची : मामा, हा पडदा बघा. नमुना म्हणून केलाय, आकडे माझ्या मनचे. खाली तक्ता आहे : महसूल मंडळ, तालुका, चोवीस तासांतला पाऊस. वर ठळक अक्षरांत ‘अतिवृष्टीची मंडळे : ३’. बाजूला तालुकावार सरासरी आणि नकाशा.

मामा : थांब. अतिवृष्टी म्हणजे पासष्ट मिलिमीटरच्या वर. तक्त्यात तशी मला दोनच दिसतात. वर तीन कामून लिहिलंय?

भाची : तेच दाखवायचं होतं. जिंतूर तालुक्यातल्या एका मंडळाचा आकडा आधी ६६.२ भरला होता. भरताना अंक उलटे पडले होते, खरा आकडा ६२.६. दुरुस्ती केली. तक्ता सुधारला, नकाशातला गडद रंग गेला, पण वरचा तीन तसाच राहिला.

मामा : म्हणजे गोषवारा जुनाच राहिला.

भाची : अगदी. कारण तो तीन वेगळा साठवलाय. नवा आकडा पासष्टच्या वर असला की मोजणी एकनं वाढवायची, एवढं लिहिलं होतं. दुरुस्तीत आकडा खाली आला तर मोजणी एकनं उतरवायची, हे लिहायचं राहून गेलं.

मामा : मग त्यात पद्धतीचा काय दोष? माणसाचा दोष. आमच्याकडं मूळ नोंद दुरुस्त केली की गोषवाऱ्यातही दुरुस्ती करून सही करायची. ज्यानं केली नाही त्याला नोटीस.

भाची : एक वही आणि एक कारकून असला की ते जमतं, मामा. इथं हाच तक्ता चार-पाच वाटांनी बदलतो. कुणी फॉर्ममधून आकडा भरतं, कुणी एक्सेलची फाइल चढवतं, स्वयंचलित हवामान केंद्राचा आकडा आपोआप येतो, कुणी ‘मागे घ्या’ दाबतं. आणि तक्ता एकट्याचा नाही, सामायिक आहे. वरची पट्टी, सरासरीचा चौकोन, नकाशा, सगळे त्याच्यावर डोळा ठेवून बसलेत. याला आम्ही शेअर्ड स्टेट म्हणतो. बदलाच्या प्रत्येक वाटेवर प्रत्येक गोषवारा दुरुस्त करायचा म्हटलं, तर पाच वाटा आणि चार गोषवारे, म्हणजे वीस ठिकाणं झाली. त्यातलं एक राहिलं की पडदा खोटं बोलायला लागतो.

मामा : मग तुझा उपाय?

भाची : गोषवारा साठवायचाच नाही. तक्ता तेवढा ठेवायचा. वरच्या पट्टीला आकडा हवा असेल तेव्हा तिनं तक्त्यातली पासष्टच्या वरची मंडळं मोजावीत. सरासरी हवी असेल तेव्हा काढावी. मग दुरुस्ती कुठूनही होऊ दे, विसरायला काही उरतच नाही. काढलेली किंमत मूळ आकड्यांच्या मागं कधी पडत नाही, कारण तिला स्वतःचं वेगळं अस्तित्वच नाही.

मामा : ऐकायला गोड आहे. पण दर वेळी सगळी बेरीज नव्यानं? जिल्ह्याची एक बेरीज दोनदा करायला लावली तर आमचा माणूस रजेवर जायचा.

भाची : यंत्र रजेवर जात नाही. नऊ तालुक्यांची सगळी मंडळं मोजायला ब्राउझरला एक मिलिसेकंदही लागत नाही. डेव्हलपर लोक इथंच फसतात. वेग वाचवायचा म्हणून आकडा साठवतात आणि जिथं वेग कमी पडतच नव्हता तिथं चूक विकत घेतात. पहिला नियम असा : आधी साधं मोजा, हळू वाटलं तर मग बघू.

मामा : आणि खरंच हळू झालं तर? समज, दहा वर्षांचा रोजचा पाऊस, सगळ्या मंडळांचा. आणि वर शोधाची पट्टी. मी ‘सोनपेठ’ टाइप करतोय आणि दर अक्षराला तुझं यंत्र लाखभर ओळी मोजतंय.

भाची : तेव्हा मागचं उत्तर लक्षात ठेवायचं. मूळ आकडे बदलले नसतील तर जुनंच उत्तर द्यायचं, बदलले असतील तर नव्यानं काढायचं. याला मेमोआयझेशन म्हणतात. रिअ‍ॅक्ट या लायब्ररीमध्ये २०१९ पासून त्यासाठी यूजमेमो आहे. स्टेट सांभाळायला रिडक्स वापरणारे रीसिलेक्ट वापरतात. व्ह्यूमध्ये कम्प्युटेड नावाची सोयच आहे, ती स्वतःहून उत्तर राखून ठेवते.

मामा : आता पकडलं तुला! ‘लक्षात ठेवायचं’ म्हणजे साठवायचंच की. मघाशी म्हणालीस, साठवायचं नाही.

भाची : फरक आहे, मामा. लक्षात ठेवलेलं उत्तर कधीही फेकून देता येतं, कारण ते पुन्हा काढता येतं. त्याच्यात हातानं कुणी काही लिहू शकत नाही. वरच्या पट्टीतल्या तीनमध्ये मात्र कुणीही लिहू शकत होतं, आणि तो पुसला असता तर परत कसा आणायचा हे कुठंच लिहिलेलं नव्हतं. एक आहे राखलेली प्रत, दुसरी आहे समांतर वही.

मामा : बरं, राखलेली प्रत शिळी झाली हे कळतं कसं?

भाची : खरी मेख तिथंच आहे, आणि तिथं दोन घराणी आहेत. एका घराण्यात तुम्ही हातानं यादी द्यायची : ही सरासरी तक्त्यावर आणि निवडलेल्या तारखेवर अवलंबून आहे. रिअ‍ॅक्टची पद्धत ही. यादीत तारीख घालायची राहिली की तारीख बदलली तरी सरासरी कालचीच.

मामा : म्हणजे विसरायची जागा तिथंही आहेच.

भाची : आहे. म्हणून तिथं यादी तपासणारी हत्यारं आली, आणि २०२५ मध्ये रिअ‍ॅक्टचा कंपायलरही पक्का झाला; तो बरीचशी राखणी स्वतःच लावतो. दुसऱ्या घराण्यात यादी द्यावीच लागत नाही. मोजणी चालू असताना ती कुठले आकडे वाचते, याच्यावर यंत्रच पाळत ठेवतं. जे वाचलं, त्याच्यावर ती अवलंबून. स्टीव्ह सँडरसन यांच्या नॉकआउटमध्ये २०१० मध्येच हे होतं. पुढं व्ह्यू, मोबएक्स, सॉलिड याच वाटेनं गेले, २०२३ मध्ये अँग्युलरनं अशी पाळत ठेवता येणाऱ्या किमती, म्हणजे सिग्नल, आणले, आणि सिग्नल जावास्क्रिप्ट भाषेतच असावेत असा प्रस्ताव २०२४ पासून विचारात आहे.

मामा : नावं राहू दे. मला एक सांग, या पद्धतीत काही बिघडतच नाही?

भाची : बिघडतं. एक मजेशीर प्रकार सांगते. समजा, आतापर्यंत तीन मंडळांचे आकडे आलेत आणि तिन्हींत अतिवृष्टी. वर वाक्य दिसतं : ‘३ पैकी ३ मंडळांत अतिवृष्टी’. या वाक्याला दोन मोजण्या लागतात : अतिवृष्टीची मंडळं किती, आणि आकडा आलेली मंडळं किती. आता चौथ्या मंडळाचा आकडा आला, ७० मिलिमीटर. यंत्रानं बदल झाल्या झाल्या एकेक मोजणी पुढं ढकलायची ठरवली, तर आधी पहिली मोजणी चार होते आणि लगेच वाक्याला कळवते. दुसरी अजून तीनच आहे. पडद्यावर क्षणभर येतं : ‘३ पैकी ४ मंडळांत अतिवृष्टी’.

मामा : (हसत) हे वाक्य वर्तमानपत्रात गेलं असतं तर! आम्हाला एकच शिकवण होती, ताळा जुळल्याशिवाय कागद साहेबांच्या टेबलावर न्यायचा नाही.

भाची : चांगली यंत्रं तेच करतात. मूळ आकडा बदलला की त्याच्यावर अवलंबून असलेल्या सगळ्यांवर आधी फक्त ‘शिळं’ अशी खूण करतात, मोजत काहीच नाहीत. वाक्य कुणी मागितलं की ते आपल्या दोन्ही मोजण्यांना विचारतं, त्या ताज्या होतात, मगच वाक्य तयार होतं. यात आणखी एक फायदा आहे. नकाशाचं पान कुणी उघडलंच नसेल तर नकाशाचे रंग मोजलेच जात नाहीत.

मामा : मागणीप्रमाणे पुरवठा.

भाची : आणि गरज नसताना धावपळ नाही. परभणी शहर मंडळाचा पाऊस बारावरून चौदा झाला. तक्ता बदलला, पण अतिवृष्टीची मंडळं दोन होती ती दोनच राहिली. वरची पट्टी फक्त या काढलेल्या दोनकडं बघत असेल तर तिला पुन्हा रंगवायचं कारण नाही. ती अख्ख्या तक्त्याकडं बघत असेल तर दर बदलाला उगाच रंगवली जाते. एक खोच मात्र लक्षात ठेवावी लागते. आकड्याऐवजी मंडळांची यादी काढून दिली, तर दर वेळी नवी यादी तयार होते. आतली नावं तीच असली तरी यंत्राला ती दुसरी वाटते आणि पट्टी पुन्हा रंगते. म्हणून नावं तीच असतील तर मागची यादी राखून तीच परत द्यावी लागते.

मामा : आता मी विचारतो. ही सरासरी बघ. एका तालुक्यात दोन मंडळं, ८० आणि ६०. सरासरी ७०. दुसऱ्यात चार, १०, २०, ३०, ४०. सरासरी २५. दोन्हींची मिळून तुझ्या पडद्यानं किती काढली?

भाची : साडेसत्तेचाळीस.

मामा : चूक. सहा मंडळांचा एकूण पाऊस २४०, भागिले सहा, चाळीस. तू सरासरीची सरासरी काढलीस.

भाची : बरोबर पकडलंत. काढलेल्या किमतीवरून पुढची किंमत काढली आणि मधे मंडळांची संख्या हरवली. तालुक्याच्या चौकोनातून बेरीज आणि संख्या दोन्ही वर पाठवायला हव्या होत्या.

मामा : दुसरं. ‘निरंक’ आणि ‘अप्राप्त’ यांत तुझं यंत्र फरक करतं का? पाऊस पडला नाही तर निरंक. आकडाच आला नाही तर अप्राप्त. कुणी अप्राप्तच्या जागी शून्य ठेवला की सरासरी खाली आली, आणि पाऊस झालेला तालुका कोरडा दिसायला लागला.

भाची : शून्य आणि रिकामं एकच धरण्याचा मोह आमच्याकडं फार. मोजणीला मूळ तक्त्यात जे आहे तेच कळतं. तिथं फरक ठेवला नसेल तर पुढची कुठलीही हुशारी तो परत आणू शकत नाही.

मामा : तिसरं. हे मंडळ ६५.३. पडद्यावर दशांश नको म्हणून तू ६५ दाखवलंस. नियम पासष्टपेक्षा जास्तचा. मोजणी दाखवलेल्या पासष्टवर केलीस तर ते मंडळ यादीतून बाहेर. पंचनाम्याची पुढची सगळी गाडी त्या यादीवरच सुटते, बाई.

भाची : दाखवण्यासाठी गोल केलेला आकडा ही शेवटची पायरी. त्याच्यावरून पुढं काहीच काढायचं नाही. आणि पासष्टचा नियम एकाच जागी लिहायचा. ब्राउझरमध्ये ‘पासष्टपेक्षा जास्त’ आणि अहवाल छापणाऱ्या सर्व्हरवर ‘पासष्ट किंवा जास्त’ झालं, तर एकाच दिवसाचे दोन आकडे बाहेर पडतील.

मामा : म्हणजे बारकावे मान्य. आता माझ्या मूळ मुद्द्यावर येतो. मी एक्सेल वापरायचो. सूत्र टाकायचो, बेरीज आपोआप व्हायची. पण साहेबांकडं फाइल पाठवताना काय करायचो माहीत आहे? सगळं निवडून पेस्ट स्पेशल, व्हॅल्यूज. सूत्रं गायब, नुसते आकडे.

भाची : अहो मामा, तुम्ही जिवंत आकड्यांची मूर्ती करून टाकलीत! एक्सेलची सगळी गंमतच त्यात आहे. डॅन ब्रिकलिन आणि बॉब फ्रँकस्टन यांनी १९७९ मध्ये व्हिसिकॅल्क आणलं तेव्हापासून लोकांना हेच आवडलं : एक खाना बदलला की बाकीचे आपोआप. आम्ही ब्राउझरमध्ये आज जे करतो त्याचा आजा तोच.

मामा : असेल. पण मी सूत्रासकट फाइल पाठवली आणि महिन्यानं कुणी एक आकडा हलवला, तर साहेबांनी सही केलेली बेरीज हलली. सही कशावर केली होती मग? पावसाचं सोड, पैसेवारी घे. आधी नजरअंदाज पैसेवारी, मग सुधारित, शेवटी अंतिम. पहिली नजरेच्या अंदाजानं, पुढच्या दोन्ही पिकाच्या उत्पन्नावरून काढतात. पण अंतिम पैसेवारी जाहीर झाली, पन्नास पैशांच्या आत की वर हे ठरलं, की ती मोजायची गोष्ट राहत नाही. तो निर्णय झाला. त्याच्यावर गावाच्या सवलती अवलंबून असतात. तुझा पडदा जानेवारीत ‘नवं उत्पन्न आलं, पैसेवारी आता एकावन्न’ म्हणायला लागला तर?

भाची : मग सुधारित आणि अंतिम यांच्यासाठी उत्पन्नाचे आकडे तारखेसकट ठेवायचे. त्या तारखेपर्यंतच्या आकड्यांवरून मोजलं की तेव्हाचंच उत्तर येईल. जुन्या नोंदी न पुसता फक्त नव्या जोडत जायचं. तरीही काढलेला आकडा साठवायची गरज नाही.

मामा : नियम बदलला तर? पासष्टचा निकष उद्या शासन निर्णयानं दुसरा झाला, तर तुझा पडदा मागच्या वर्षीची अतिवृष्टी नव्या निकषानं मोजणार. मदत मिळालेलं मंडळ अपात्र दिसणार.

भाची : निकषही तारखेसकट ठेवीन. तोही एक मूळ आकडाच.

मामा : आणि जिल्हाच बदलला तर? १ मे १९९९ ला हिंगोली जिल्हा परभणीतून वेगळा झाला. त्याआधीची ‘परभणी जिल्ह्याची सरासरी’ काढताना हिंगोली, वसमत, कळमनुरी धरून काढलेली. तू आजच्या नऊ तालुक्यांची यादी लावून १९९५ चा पाऊस मोजलास तर वेगळाच आकडा येईल, आणि त्या वर्षीच्या छापील अहवालाशी तो कधीच जुळणार नाही.

भाची : यादीलाही तारखा...

मामा : लाव, किती लावशील? आकड्याला तारीख, निकषाला तारीख, तालुक्यांच्या यादीला तारीख. गोल करायची पद्धत बदलली तर तिलाही. आणि एवढं करून तुझ्या मोजणीच्या प्रोग्रामात चूक निघाली, ती तू दुरुस्त केलीस, तर जुना आकडा पुन्हा काढायला चुकीचा प्रोग्रामही जपून ठेवणार का? त्या दिवशी साहेबांनी जो कागद काढला, त्याच्यावर जो आकडा होता, तो बरोबर असो की चूक, तो घडलाय. घडलेली गोष्ट मोजून काढत नसतात, लिहून ठेवतात.

भाची : (थोडं थांबून) प्रोग्रामची चूक हा मुद्दा मला टाळता येत नाही. मान्य. पण मग तुमचा तो आकडा काढलेली किंमत राहतच नाही. तो आदेशातला आकडा आहे. मूळ नोंदच झाली ती.

मामा : मोंढ्यातली पावती बघ की. मानवतला कापूस घातला. वजन, भाव, हमाली, तोलाई, निव्वळ रक्कम. दुसऱ्या दिवशी भाव चढला म्हणून कालच्या पावतीवरची रक्कम चढत नाही.

भाची : आमच्याकडं तंतोतंत हेच आहे. खरेदीच्या ॲपमध्ये टोपलीतली बेरीज काढलेली असते. वस्तूची किंमत बदलली, सूट संपली, की ती बदलायलाच हवी. ग्राहकानं पैसे भरले की बिल तयार होतं, आणि बिलावरची रक्कम साठवायलाच हवी. कितीतरी ॲपमध्ये याची उलटापालट झालेली मी बघितलीय. टोपलीतली बेरीज साठवलेली, म्हणून ती चुकते. आणि जुनी बिलं आजच्या किमतीनं मोजलेली, म्हणून हिशोब चुकतो.

मामा : म्हणजे मीही बरोबर.

भाची : अर्धे. कारण तुम्ही पेस्ट स्पेशल केल्यावर फक्त बेरीज उरायची. ती कुठून आली हे फाइलमध्ये नसायचं. आदेश साठवायचा तर नुसता ‘३’ नको. कुठली तीन मंडळं, तेव्हा त्यांचे आकडे काय होते, निकष कुठला, तारीख कुठली, हे सगळं सोबत ठेवायचं. नाहीतर उद्या कुणी विचारलं, तीन कामून, तर उत्तर नाही.

मामा : कामून हा शब्द पुण्यात जाऊनही विसरली नाहीस, एवढं बरं. पण तुझा मुद्दा खरा आहे. सोबतची विवरणपत्रं आम्ही जोडायचो, ती कागदावर. फाइलमध्ये नाही.

भाची : आणि आदेश साठवला म्हणजे मोजणी बंद करायची असंही नाही. दोन्ही पडद्यावर दाखवायचं. ‘आदेशानुसार : ३ मंडळे. आजच्या नोंदींनुसार : २.’ दोहोंतला फरक मात्र साठवायचा नाही, तो काढायचा. तो फरक दिसला की तहसीलदारांना कळतं, आदेशानंतर एका मंडळाचा आकडा दुरुस्त झालाय. काय करायचं ते त्यांनी ठरवावं. यंत्रानं परस्पर आदेश बदलायचा नाही आणि परस्पर फरक लपवायचाही नाही.

मामा : हे पटलं. दप्तरात असं कुणी दाखवलं असतं तर निम्मी लेखी विचारणा वाचली असती.

भाची : एक चूक अजून राहिली, ती आमच्या लोकांची खास आहे. काही जण काढलेला आकडा साठवतातही आणि वर एक पहारेकरी बसवतात : तक्ता बदलला की मागाहून जाऊन मोजणी दुरुस्त कर. रिअ‍ॅक्टमध्ये यूजइफेक्टनं हे करतात. पडदा आधी जुन्या मोजणीनं रंगतो, मग पहारेकरी धावतो, मग पुन्हा रंगतो. रिअ‍ॅक्टच्या अधिकृत मार्गदर्शनात यावर एक सबंध पान आहे. जे रंगवतानाच काढता येतं त्याला इफेक्ट लावू नका, असं ते सांगतं. तरी मुलाखतीला येणाऱ्या मुलांच्या कामात हेच आधी दिसतं.

मामा : कारण माणसाला लिहून ठेवलेलं खरं वाटतं. मोजून दिलेलं हवेतलं वाटतं. माझंच उदाहरण घे.

भाची : आणि आम्हाला उलटं. सगळंच मोजता येतं असं वाटतं.

मामा : मग नियम काय सांगशील, दोन ओळींत?

भाची : जे बाकीच्या नोंदींवरून आज काढता येतं ते साठवायचं नाही, हळू वाटलं तर यंत्रानं राखावं, माणसानं नाही.

मामा : आणि ज्याच्यावर सही झाली, पैसे दिले-घेतले गेले किंवा गावाला कळवलं गेलं, ते पुन्हा मोजायचं नाही. ते त्या दिवशीच्या आधारासकट लिहून ठेवायचं.

दोघांचा वाद इथं मिटला असला तरी ज्याला हे काम रोज करायचं आहे त्याच्यासाठी तो इथूनच सुरू होतो. एडगर कॉड यांनी १९७० मध्ये रिलेशनल डेटाबेसचा पाया घालणारा निबंध लिहिला. एका नोंदीवरून दुसरी काढता येत असताना दोन्ही साठवल्या की विसंगतीचा प्रश्न येतो, हे त्यात मांडलेलं आहे. त्यानंतर हत्यारं कितीतरी बदलली. रिडक्सचे, आकडे काढून देणारे, सिलेक्टर आले, व्ह्यूचे कम्प्युटेड आले, सिग्नल आले. प्रत्येक नव्या हत्याराबरोबर ‘आता हा प्रश्न सुटला’ असं म्हटलं गेलं. हत्यारानं सुटतो तो फक्त शिळेपणाचा प्रश्न. कुठला आकडा जिवंत ठेवायचा आणि कुठला गोठवायचा, हे कुठलीही लायब्ररी सांगत नाही. ते पावसाची, पैसेवारीची किंवा मोंढ्याची रीत ज्याला माहीत आहे त्यालाच सांगता येतं. म्हणून अशा पडद्याचं काम हाती घेतलं की कोड लिहिण्याआधी त्या दप्तरातल्या जुन्या माणसाला गाठून विचारावं : यातलं काय नुसतं मोजता, आणि कशावर सही करता?

हे काम करणाऱ्यांना एक विनंती. आपल्या चालू प्रकल्पातली स्टेटची यादी एकदा उघडा. एकेका नावापुढं बोट ठेवून विचारा, हे उरलेल्या नावांवरून काढता येईल का? येत असेल, तर ते कुणाला दिलेलं वचन किंवा आदेश आहे का, हेही विचारा. नसेल, तर आजच ते नाव खोडा. असेल, तर ते तारीख, नियम आणि आधाराचे आकडे जोडून नोंदीत न्या.